चेटकिणीपासून तात्या विंचूपर्यंत

१९९३ साली मराठी पडद्यावर एक गुंड पोलिसांच्या गोळीने मेला आणि मरता मरता मंत्र म्हणून एका बाहुल्यात शिरला. त्या गुंडाचं नाव तात्या विंचू. चित्रपट महेश कोठारे यांचा ‘झपाटलेला’. गुंड झाले होते दिलीप प्रभावळकर, आणि पुढे बाहुला जे काही बोलला तेही त्यांच्याच आवाजात. माणूस म्हणून तात्या पडद्यावर फार वेळ नाही. पण त्या सालानंतर जन्मलेली मुलंसुद्धा आज ‘ओम फट् स्वाहा’ म्हणत एकमेकांच्या अंगावर धावून जातात. आपल्या सिनेमातल्या किती खलनायकांना असं आयुष्य लाभलं?

प्रभावळकर म्हटलं की लोकांना आधी चिमणराव आठवतो, मग आबा टिपरे, मग ‘लगे रहो मुन्नाभाई’मधले गांधीजी. हे तिन्ही आठवावेत असेच आहेत. पण याच नटाने चाळीसहून अधिक वर्षं मराठीतल्या भुताखेतांचा, चेटूकमेटूकाचा संसार सांभाळला, ही गोष्ट त्यांच्या गौरवाच्या भाषणांतून बहुतेक वेळा गाळली जाते. भुताचा सिनेमा म्हणजे पोरांचा सिनेमा, असा समज त्यामागे आहे. मला तो समज चुकीचा वाटतो. प्रभावळकरांच्या अभिनयाचा पाया शोधायचा तर तो या भुतांतच सापडतो.

सुरुवात झाली ती पोरांच्या नाटकातूनच. पन्नासेक वर्षांपूर्वी रत्नाकर मतकरींच्या बालनाट्यात, ‘अलबत्या गलबत्या’मध्ये, प्रभावळकर चिंची चेटकीण व्हायचे. मतकरी हे दुहेरी कसबाचे लेखक. एका हाताने मुलांसाठी नाटकं लिहायची आणि दुसऱ्या हाताने मोठ्यांची झोप उडवणाऱ्या गूढकथा. त्यामुळे त्यांची चेटकीणही नुसती विदूषकी नव्हती. मुलांना तिची भीती वाटली पाहिजे आणि तरी ती रंगमंचावरून जाऊ नये असंही वाटलं पाहिजे, असं ते काम होतं. मुलांचा प्रेक्षक दयामाया करत नाही. नट खोटा वाटला की पहिल्या पाच मिनिटांत चुळबूळ सुरू होते आणि वेफर्सची पाकिटं फुटायला लागतात. अशा प्रेक्षकासमोर पुरुषाने चेटकीण व्हायचं आणि टिकवायची, तर तिच्यावर स्वतःचा विश्वास हवा. पुढे तात्या विंचूच्या वेळी हाच विश्वास कामाला आला. २०१८ साली हे नाटक पुन्हा रंगभूमीवर आलं तेव्हा वैभव मांगले चेटकीण झाले आणि नाट्यगृहं पुन्हा मुलांनी भरली.

प्रभावळकरांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४चा. शिक्षण जीवरसायनशास्त्राचं, नोकरी औषध कंपनीत, आणि संध्याकाळी नाटक. तेंडुलकरांच्या ‘लोभ नसावा ही विनंती’पासून मोठ्यांच्या रंगभूमीवर पाऊल पडलं. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस मुंबई दूरदर्शनवर चि. वि. जोशींचा चिमणराव आला. बाळ कर्वे गुंड्याभाऊ आणि प्रभावळकर चिमणराव. किरकोळ अंगाचा, बावरलेला, सतत कुणाच्या तरी धाकाखाली असलेला हा गृहस्थ घराघरात पोचला. इथे एखादा नट अडकून पडला असता. आयुष्यभर चिमणरावाच्याच आवृत्त्या काढत बसला असता, आणि लोकांनी त्या आनंदाने पाहिल्याही असत्या.

१९८२ साली आला ‘एक डाव भुताचा’. लेखन द. मा. मिरासदारांचं, दिग्दर्शन रवी नमाडे यांचं. यात भूत झाले होते अशोक सराफ आणि प्रभावळकर झाले होते भुताची गाठ पडलेले मास्तर. मिरासदारांचं भूत हे गावातलंच एक माणूस असतं. त्याला मानपान असतो, रुसवेफुगवे असतात, बोलायला कुणीतरी हवं असतं. या चित्रपटात भीती आणि हसू एकाच वाक्यात येतात, आणि ते जमतं याचं निम्मं श्रेय मास्तरांकडे जातं. भूत कितीही चांगलं रंगवलं तरी समोरच्याला ते दिसतंय असं वाटलं नाही तर सगळं फुकट. प्रभावळकरांचे डोळे त्या भुतावर खिळलेले असतात. अभिनयाच्या चर्चेत टाळ्या नेहमी भुताला पडतात, पण भुताला जिवंत करतो तो त्याला पाहणारा.

हे भय आणि हसू एकत्र नांदणं मराठीला नवं नाही. कोकणातल्या दशावतारात संकासुर येतो. काळा वेश, विचित्र ध्यान, तो पोरांच्या अंगावर धावतो, पोरं किंचाळत आईच्या पदराआड जातात आणि लगेच पुन्हा डोकावतात. शिमग्यातही तोच खेळ. घाबरवणारा आणि हसवणारा यांत आपल्याकडे कधी भिंत नव्हती. नारायण धारपांनी (१९२५–२००८) मात्र वेगळी वाट धरली आणि हसू पूर्ण बाजूला सारून निखळ भय लिहिलं. ती वाट वाचकांनी उचलून धरली, पण सिनेमाने तिच्याकडे फार उशिरा पाहिलं. २०१८च्या ‘तुंबाड’ने धारपांच्या कथेचं बीज घेतलं, आणि तो चित्रपटही मूळचा हिंदीतला. मराठी पडद्यावर दीर्घकाळ टिकलं ते मिरासदारी भूत.

आता ‘झपाटलेला’कडे येतो, कारण खरी गोष्ट तिथे आहे.

महेश कोठारे हे ‘छोटा जवान’पासून पडद्यावर वावरलेले. ‘धूमधडाका’ने (१९८५) त्यांनी दिग्दर्शक म्हणून जम बसवला, लक्ष्मीकांत बेर्डेंना घराघरात नेलं, आणि ‘धडाकेबाज’मध्ये बाटलीतला गंगाराम आणून मराठी प्रेक्षक चमत्कार स्वीकारतो याची खात्री करून घेतली. १९८८ साली अमेरिकेत ‘चाइल्ड्स प्ले’ आला होता. मरणारा खुनी मंत्र म्हणून एका खेळण्यात शिरतो, ही त्यातली कल्पना कोठारेंनी उचलली हे उघड आहे. पण उचलताना त्यांनी एक बदल केला आणि तिथे चित्रपट मराठी झाला. अमेरिकेतलं ते खेळणं कारखान्यातून हजारोंनी बाहेर पडणारं, दुकानाच्या फळीवरचं. कोठारेंचा बाहुला शब्दभ्रमाच्या खेळातला आहे. लक्ष्मीकांत बेर्डेंच्या लक्ष्याला बोलक्या बाहुल्यांचा खेळ करायचाय, म्हणून तो त्याच्याकडे येतो.

बोलक्या बाहुल्यांची महाराष्ट्राला जुनी ओळख. यशवंत केशव पाध्ये यांनी अर्धवटराव घडवला, त्यांच्यानंतर १९६७पासून रामदास पाध्ये यांनी तो हातात घेतला. गणेशोत्सव, शाळांची संमेलनं, नंतर दूरदर्शन, सगळीकडे अर्धवटराव आगाऊपणा करत फिरला. तात्या विंचूचा बाहुलाही रामदास पाध्ये यांनीच घडवला. म्हणजे १९९३चा प्रेक्षक जेव्हा त्या बाहुल्याकडे पाहत होता, तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे लहानपणी पाहिलेला अर्धवटराव होता. जो आपल्याला हसवत आला, तोच जबडा आता मान वळवून जिवावर उठलाय. परक्या बाहुलीने जे भय दिलं नसतं ते या ओळखीच्या चेहऱ्याने दिलं.

शब्दभ्रम करणाऱ्याची एक मोठी अडचण असते. ओठ न हलवता बोलायचं तर प, फ, ब, भ, म ही ओष्ठ्य अक्षरं नीट काढता येत नाहीत. कलाकार त्यांच्या जवळपासचा दुसरा ध्वनी वापरतो आणि आपला कान ते भरून घेतो. म्हणून खेळातल्या बाहुल्याची बोली थोडी बोबडी, थोडी पिचलेली वाटते. तात्या विंचूचं तसं नव्हतं. आवाज प्रभावळकरांचा होता आणि त्यांचे ओठ मोकळे होते. त्यांनी बाहुल्याची ती पिचलेली किनार ठेवली, पण ओठांची अक्षरं मात्र पूर्ण ताकदीने मारली. मंत्रातला ‘फट्’ ऐका. बाहुल्याला जो उच्चार जमूच नये तो तो बाहुला तोंडावर फेकतो. आत बाहुला नाही, माणूस आहे, हे कानाला आधी कळतं आणि मनाला नंतर.

त्या आवाजात आणखी एक गोष्ट आहे. तो राक्षसी गडगडाट नाही. घशाच्या मागच्या बाजूने येणारा, खरखरीत, बेरका आवाज आहे. एखादा जुना वसुलीवाला पायरीवर बसून बोलावा तसा. तात्याला जग जिंकायचं नाहीये. त्याला फक्त लाकडाच्या देहातून बाहेर पडून लक्ष्याच्या शरीरात शिरायचंय. मागणी एकच, आणि ती तो चिकाटीने लावून धरतो. प्रभावळकरांनी त्याला मोठं केलं नाही म्हणून तो खरा वाटला. आणि या सगळ्याच्या दुसऱ्या टोकाला लक्ष्मीकांत बेर्डे होते. बाहुला बोलतो हे कुणालाच पटत नाही, वेड्यात काढला जातोय तो लक्ष्या, आणि मधू कांबीकरांची आई त्याच्यासाठी कासावीस. बेर्डेंची ती घाबरगुंडी लोकांनी विनोद म्हणून पाहिली. पण ‘एक डाव भुताचा’मध्ये प्रभावळकरांनी मास्तर म्हणून जे केलं होतं, तेच इथे बेर्डेंनी प्रभावळकरांसाठी केलं. भूत पाहणारा पक्का होता.

हे सगळं दोनच वर्षांपूर्वी ‘चौकट राजा’ करणाऱ्या माणसाने केलं होतं, हे विसरून चालणार नाही. १९९१च्या त्या चित्रपटात प्रभावळकर मतिमंद नंदू झाले. त्याआधी जयवंत दळवींच्या ‘नातीगोती’ नाटकात ते अशाच मुलाचे वडील झाले होते आणि मुलाचं काम अतुल परचुरे करायचे. एकाच दुःखाच्या दोन्ही बाजू त्यांनी अंगावर घेतल्या. ‘हसवा फसवी’त एकाच प्रयोगात ते सहा माणसं उभी करायचे, त्यात जुन्या संगीत रंगभूमीचे थकलेले कृष्णराव हेरंबकर पाहताना लोकांच्या डोळ्यांत पाणी यायचं. ‘वासूची सासू’त ते बाई व्हायचे. आपला देह सोडून दुसऱ्याच्या देहात जाणं हा ज्याचा रोजचा व्यवसाय, त्याच्याकडे तात्या विंचू आला.

मी त्या काळात विरारला शाळेत होतो. १९८२च्या गिरणी संपानंतर लालबाग-परळची, आणि जागा अपुऱ्या पडल्या म्हणून गिरगावची, किती मराठी कुटुंबं वसई, नालासोपारा, विरारकडे सरकली. चाळीतली खोली विकून चार मजली इमारतीत वन आरके घ्यायचं, पाण्याला टँकर, नोकरीला पहाटेची लोकल. गावची जुनी वस्ती, म्हणजे वाडवळ, आगरी, कोळी, सामवेदी, ख्रिस्ती वाड्या, आणि त्यांच्या शेजारी ही नवी सिमेंटची वसाहत. इमारतींना सोसायटीचा सत्यनारायण असायचा आणि पूजेच्या रात्री आवारात भाड्याचा व्हीसीआर लागायचा. दोन कॅसेटी ठरलेल्या: एक हिंदी मारधाडीची, एक मराठी. मराठीत कोठारे-बेर्डेंना तोड नव्हती. नंतर केबल आली, मग मराठी वाहिन्या आल्या, आणि ‘झपाटलेला’ सुट्टीच्या दुपारी पुन्हा पुन्हा लागत राहिला. थिएटरात जितक्यांनी पाहिला त्याहून कितीतरी जास्त लोकांनी तो असा घरात, जमिनीवर बसून पाहिला.

वसईकडच्या पोरांना भुतांची तशी कमतरता नव्हती. किल्ल्यातल्या पडक्या चर्चांच्या आणि भुयारांच्या गोष्टी होत्या, वाडीतल्या विहिरींच्या होत्या. पण ती भुतं जुन्या रहिवाशांची. त्यांना आंबा, चिंच, विहीर, वेस लागायची. नव्या इमारतीत वेस कुठली? तिथे तात्या विंचू आला. तो माळ्यावर बसू शकायचा, पलंगाखाली मावायचा, जिन्यात दिवे गेल्यावर तर हमखास असायचा. आमच्या मजल्यावर एका घरात जत्रेतून आणलेला मोठा बाहुला होता. तो चित्रपट लागला त्या रात्री त्या घरच्या आजीने तो कपाटात उलटा घालून कडी लावली, कारण नातू झोपेना. विनोदी चित्रपट म्हणून ज्याची नोंद होते त्याने आमच्या अख्ख्या मजल्याला जागं ठेवलं होतं. २०११च्या जनगणनेत वसई-विरार शहराची लोकसंख्या १२ लाख २२ हजारांवर गेली. यांतल्या मराठी घरांत वाढलेल्या एका पिढीचं पहिलं सामाईक भूत कोणतं असं विचारलं, तर उत्तर मला एकच दिसतं.

‘झपाटलेला’च्या आधीच्या काळात हिंदीत रामसे बंधूंच्या भयपटांचा बाजार होता. १९७२मध्ये त्यांनी महाबळेश्वरला मुक्काम ठोकून, छोट्याशा ताफ्यात, ‘दो गज जमीन के नीचे’ उरकला. १९८४चा ‘पुराना मंदिर’ तुफान चालला. त्यातला सामरी झालेले अनिरुद्ध अग्रवाल हे रुरकीला शिकलेले इंजिनिअर. उंची आणि चेहरेपट्टी अशी की मेकअप थोडाच लागायचा. ‘बंद दरवाजा’तही ते सैतान झाले, पुढे ‘बँडिट क्वीन’मध्ये बाबू गुज्जर. ‘पुराना मंदिर’मध्येच आपले सदाशिव अमरापूरकरही होते. अग्रवालांचं काम मी आदराने पाहतो, पण त्यांच्या चेहऱ्याने त्यांना काम दिलं आणि त्याच चेहऱ्याने त्यांची वाट अरुंद केली. प्रभावळकरांचा चेहरा शेजारच्या काकांचा. भीतीसाठी त्यांच्याकडे देहाची कसलीच पुंजी नव्हती. म्हणून त्यांना ती आवाजातून, लकबीतून, आतून घडवावी लागली, आणि म्हणूनच ती उतरवून ठेवून दुसरीकडे जाताही आलं.

त्यांचं जवळचं नातं मला दूरच्या एका नटाशी दिसतं. ‘चाइल्ड्स प्ले’मधल्या चकीचा आवाज ब्रॅड डुरिफ यांचा. १९७५च्या ‘वन फ्लू ओव्हर द ककूज नेस्ट’मधल्या अडखळत बोलणाऱ्या बिलीसाठी त्यांना ऑस्करचं नामांकन होतं. दुबळ्या, दबलेल्या माणसाचं काम इतकं खरं करणारा नट पुढे खुनी बाहुल्याचा आवाज झाला. नंदू करणारा माणूस तात्या विंचू झाला. मला हा योगायोग वाटत नाही. दुबळ्याच्या मनात काय साठतं हे ज्याला ठाऊक, त्याला बाहुल्याच्या लाकडात कोंडलेला राग सापडतो.

नव्वदच्या दशकाच्या शेवटी प्रभावळकर विनोदाचा आधार सोडून अंधारात उतरले. अजय फणसेकरांचा ‘रात्र आरंभ’ माणसाच्या मनातल्या काळोखात शिरणारा चित्रपट होता आणि त्याचा सगळा भार त्यांच्यावर होता. फणसेकरांच्याच हिंदी ‘एन्काउंटर: द किलिंग’मध्ये (२००२) ते पुनप्पा आवाडे नावाचे टोळीप्रमुख झाले, समोर नसिरुद्दीन शाह. म्हाताऱ्या, खोकणाऱ्या, गोड बोलणाऱ्या त्या माणसाची जी जरब आहे ती तात्या विंचूच्या आवाजाशी नातं सांगते. आणि हे सगळं चालू असताना टीव्हीवर ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ सुरू होती, ज्यात ते आबा होते.

२००४मध्ये कोठारेंनी पुन्हा वाडा उघडला. ‘पछाडलेला’त प्रभावळकर इनामदार भुस्नाळे झाले, मेलेले पण इनामदारी न सुटलेले. भरत जाधव, श्रेयस तळपदे ही नवी फळी समोर होती. तात्या विंचू मुंबईचा गुन्हेगार, तर भुस्नाळे गावगाड्याचं भूत. कूळकायदा येऊन, इनामं जाऊन अर्धं शतक लोटलं, वाडे ओस पडले, आणि त्या ओस वाड्यात एक इनामदार अजून हुकूम सोडतोय, ही कल्पना खरं तर फार गंभीर आहे. चित्रपट तिच्यापाशी थांबत नाही, धमाल करत पुढे जातो. प्रभावळकर मात्र थांबतात. त्यांच्या मानेचा ताठा, आवाजातला खानदानी खर्ज पाहा. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये लक्ष्मीकांत बेर्डे गेले. ‘पछाडलेला’ त्यांच्या अखेरच्या चित्रपटांपैकी.

दोन वर्षांनी ‘लगे रहो मुन्नाभाई’ आला. तिथले गांधीजी एकट्या मुन्नालाच दिसतात. म्हणजे पडद्यावरच्या व्याकरणाने पाहिलं तर तेही मेलेला आणि परत आलेला माणूसच रंगवत होते. जो दिसतो पण नाही, त्याने किती जागा व्यापायची, किती हळू बोलायचं, याची तालीम त्यांची झालेली होती. त्या भूमिकेसाठी आणि ‘शेवरी’साठी मिळून त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुरस्काराच्या बातम्यांत तात्या विंचूचं नाव कुणी घेतलं नाही. माझ्या मते त्याचाही त्यात वाटा होता.

‘झपाटलेला २’ २०१३च्या जूनमध्ये आला, मराठीतला पहिला थ्रीडी म्हणून. लक्ष्या नव्हता, त्याच्या मुलाचं काम आदिनाथ कोठारेंनी केलं, मकरंद अनासपुरे होते. चष्मे लावून लोकांनी बाहुला अंगावर येताना पाहिला. पहिल्या चित्रपटाची सर त्याला आली नाही. समोर बेर्डे नसताना बाहुल्याने कुणाला घाबरवायचं, हा प्रश्न तंत्राने सुटणारा नव्हता. पण पडदा उजळला आणि तो खरखरीत आवाज आला तेव्हा थिएटरात जी आरोळी उठली, तीत वीस वर्षांपूर्वी जमिनीवर बसून घाबरलेली मुलं होती, आता स्वतःच्या मुलांना घेऊन आलेली.

सप्टेंबर २०२५मध्ये सुबोध खानोलकरांचा ‘दशावतार’ प्रदर्शित झाला तेव्हा प्रभावळकर ८१ वर्षांचे होते. त्यात ते कोकणातले वृद्ध दशावतारी कलावंत बाबुली मेस्त्री झाले आहेत. रंग फासून, मुकुट चढवून, एकामागून एक अवतार अंगात घेणारा हा म्हातारा रानात उभा राहतो तेव्हा तो देव आहे, भूत आहे की सोंग, हे समोरच्याला ठरवता येत नाही. चित्रपटाला मराठीत दुर्मीळ अशी गर्दी झाली. मुंबईत, ठाण्यात आणि वसई-विरारमध्ये राहणाऱ्या कोकणी कुटुंबांनी आजी-आजोबांना बरोबर नेऊन तो पाहिला.